मोबाइल स्टार्टरला कुलूप: शेतातल्या जोडलेल्या यंत्रांसाठी किल्ल्या, सर्टिफिकेट आणि ओळख

रात्रपाळीची लाइट आली की अंथरुणातूनच मोटार सुरू करायची, ही सोय तासगाव-पलूस-मिरज पट्ट्यात आता नवलाची राहिलेली नाही. ईएसपी३२ (वायफाय असलेली छोटी नियंत्रक चिप), फोरजी मोडेम, दोन रिले आणि एक ॲप, एवढ्यावर पॅनेल उभं राहतं. बहुतेकदा ते बिनकुलपाचंच उभं राहतं. अशी पॅनेलं स्वतः जुळवून पाच-पन्नास शेतकऱ्यांना द्यायला निघालेल्यांसाठी हा लेख आहे: डिप्लोमा-इंजिनिअरिंगची मुलं, वायंडिंगच्या दुकानाला जोडधंदा शोधणारे, ठिबकचे डीलर. द्राक्षबागेतलं हवामान केंद्र, ठिबकचे व्हॉल्व्ह किंवा बेदाणा शेडमधले सेन्सर बनवत असाल तरी पायऱ्या याच.

नवखे सगळ्यात आधी विचारतात, ‘एईएस १२८ घेऊ की २५६?’ (एईएस ही डेटा कुलूपबंद करायची पद्धत, आकडा किल्लीच्या लांबीचा.) कुठलंही घ्या, १२८ सुद्धा पुरून उरतं. डोकं खर्च करायचं ते तीन प्रश्नांवर: हुकूम कोणी दिला, तो आत्ताचा आहे का, आणि तो याच पॅनेलसाठी आहे का. २०१६ मध्ये मिराई नावाच्या व्हायरसने जगभरचे कॅमेरे आणि राउटर ताब्यात घेतले, तेव्हा त्याने कुठलंही गणित फोडलं नव्हतं. त्याच्याकडे कंपनीतून आलेल्या, कोणी न बदललेल्या साठेक युजरनेम-पासवर्डच्या जोड्या होत्या, एवढंच. आणि इथे तर कॅमेऱ्यापेक्षा जोखमीचं काम आहे. फूटव्हॉल्व्ह काढायला माणूस विहिरीत उतरलेला असताना पाच एचपीची मोटार सुरू झाली, तर ती हॅकरने केली की तुमच्या कोडने, याने त्याला काहीच फरक पडत नाही.

आधी जमवायच्या वस्तू

- ईएसपी३२-एस३ चे बोर्ड, किमान ८ एमबी फ्लॅशचे. पहिल्या खेपेला लागतील त्यापेक्षा दोन जास्त घ्या. ते दोन खराब होणार आहेत हे धरूनच चाला. जुना साधा ईएसपी३२ पडून असेल तर त्याची चिप आवृत्ती ३.० किंवा पुढची आहे ना ते बघा, त्याआधीच्या चिपवर सिक्युअर बूटची (तुमच्या सहीचाच कोड चालू देणारं कुलूप, पायरी ७) दुसरी आवृत्ती चालत नाही.
- फोरजी मोडेम आणि त्याच्यापुरता वेगळा, दणकट पुरवठा. मोडेम क्षणभर २ अँपिअरपर्यंत खेचतो.
- डीएस३२३१ घड्याळाचं मॉड्यूल, सेलसकट.
- एक जुना लॅपटॉप, जो यापुढे कधीच इंटरनेटला जोडायचा नाही. त्यावर लिनक्स आणि ओपनएसएसएल (किल्ल्या आणि सर्टिफिकेट बनवायचा प्रोग्रॅम).
- दोन पेनड्राइव्ह, चांगल्या कंपनीचे.
- भाड्याचा छोटा सर्व्हर आणि एक डोमेन नाव. त्यावर मॉस्किटो ब्रोकर (फोन आणि पॅनेल यांच्यात संदेश पोचवणारा प्रोग्रॅम), २.० किंवा नंतरचा.
- पॅनेलमध्ये लावायला लोकल-बंद-रिमोट असा तीन खटक्यांचा सिलेक्टर स्विच.
- एम२एम सिम. यांचे नंबर १३ आकडी असतात, फर्मच्या नावाने घ्यावे लागतात, त्यामुळे फर्मची कागदपत्रं तयार ठेवा. आपल्या नाहीतर मेव्हण्याच्या नावावरचं साधं सिम पॅनेलमध्ये घालून विकू नका. उद्या ते सिम काढून कोणी फोनमध्ये घातलं तर जबाब तुम्हालाच द्यावा लागेल.

१. स्विच आधी, किल्ली नंतर

सिलेक्टर स्विच रिमोट रिलेच्या तारेतच, म्हणजे काँटॅक्टरच्या कॉइलकडे जाणाऱ्या वाटेवर बसवा. स्विच ‘लोकल’वर असताना ईएसपी३२ ने कितीही रिले ओढला तरी कॉइलला वीज पोचता कामा नये. स्विचची स्थिती फक्त कोडमध्ये वाचून रिले न ओढणं, हे पुरेसं नाही. कोड अडकतो, रिलेचे काँटॅक्ट चिकटतात. हे काम अर्ध्या तासाचं आहे आणि पुढच्या सगळ्या पायऱ्यांत चूक झाली तरी ते माणूस वाचवतं. विहिरीत उतरताना स्विच ‘बंद’वर करून मेन स्विचही पाडायचा, हे शेतकऱ्याला मात्र तोंडानेच सांगावं लागेल.

२. स्वतःचं सर्टिफिकेट ऑफिस उघडा

उत्पन्नाचा दाखला तहसीलचा शिक्का बघून खरा मानतात, दाखला आणणाऱ्याचा चेहरा बघून नाही. इथेही तेच. एक मूळ किल्ली बनवायची, तिला रूट म्हणतात. तिने सर्व्हरच्या आणि प्रत्येक पॅनेलच्या सर्टिफिकेटवर सही करायची. पॅनेल रूटची सही बघून सर्व्हर ओळखतं, सर्व्हर रूटची सही बघून पॅनेल ओळखतो.

ऑफलाइन लॅपटॉपवर ओपनएसएसएलने पी-२५६ वक्राची किल्ली काढा. ओपनएसएसएल तिला प्राइम२५६व्ही१ म्हणतं. आरएसए नको: ईएसपी३२ ला आरएसएची सही करायला जास्त वेळ लागतो आणि सर्टिफिकेटही मोठं होतं. रूटची मुदत २० वर्षं ठेवा. रूटची किल्ली लांब पासफ्रेजने बंद करून दोन्ही पेनड्राइव्हवर घ्या, एक वर्कशॉपच्या कपाटात, एक घरी. व्हॉट्सॲपवर स्वतःलाच पाठवून ठेवणं, ईमेलच्या ड्राफ्टमध्ये ठेवणं, गिटहबच्या ‘प्रायव्हेट’ खात्यात टाकणं, यातलं काहीही चालणार नाही.

सर्व्हरसाठी फुकटचं लेट्स एनक्रिप्ट का नको, असा प्रश्न येतो. वेबसाइटला ते उत्तम आहे. पण ३० सप्टेंबर २०२१ ला त्यांची ज्या जुन्या रूटवर भिस्त होती तिची मुदत संपली, आणि ज्या यंत्रांत तेवढी एकच रूट कोरलेली होती ती सर्व्हरला ओळखेनाशी झाली. ब्राउझर आपोआप अद्ययावत होतो. कवठेमहांकाळच्या माळावरचं पॅनेल तसं होत नाही, तिथे लॅपटॉप घेऊन तुम्हालाच जावं लागतं. रूट स्वतःची असली की मुदत तुमच्या हातात राहते.

सर्व्हरच्या सर्टिफिकेटमध्ये डोमेन नाव ‘सब्जेक्ट ऑल्टरनेटिव्ह नेम’ या रकान्यात असायलाच हवं. इथे हमखास फसायला होतं. तुम्ही अर्जात, म्हणजे सीएसआरमध्ये तो रकाना नीट भरता, पण ओपनएसएसएलची सही करणारी साधी आज्ञा अर्जातले जादा रकाने सर्टिफिकेटमध्ये आणतच नाही. एक्सटेन्शनची फाइल सही करताना वेगळी द्यावी लागते. सही झाली की सर्टिफिकेट मजकुरात उघडून तो रकाना डोळ्यांनी बघा.

३. प्रत्येक पॅनेलला स्वतःची किल्ली

बाकी सगळं वगळलंत तरी चालेल, पण ही पायरी वगळू नका. पन्नासही पॅनेलांत एकच पासवर्ड घातला, तर एक पॅनेल भंगारात गेलं की पन्नासही उघडी.

पॅनेलचं नाव ठरवा, समजा विहीर-०७. नावात शेतकऱ्याचं नाव, गट नंबर, मोबाइल नंबर काही नको. ते तुमच्या वहीत असू द्या. शक्यतो किल्ली पॅनेलमध्येच तयार होऊ द्या, तिथून फक्त अर्ज बाहेर घ्या, सही करा आणि सर्टिफिकेट परत आत घाला. म्हणजे किल्ली लॅपटॉपवर कधी आलीच नाही. सर्टिफिकेटच्या कॉमन नेममध्ये ‘विहीर-०७’ आणि वापर फक्त ‘क्लायंट ऑथेंटिकेशन’ असा टाका. नाहीतर उद्या याच सर्टिफिकेटने कोणी सर्व्हर म्हणून उभा राहील.

किल्ली बनवताना तीन खड्डे आहेत.

पहिला, मॅक ॲड्रेस किंवा आयएमईआयवरून किल्ली काढणं. ‘प्रत्येकाचा वेगळाच असतो की!’ असतो, पण मॅक ॲड्रेस वायफाय हवेत ओरडून सांगतो आणि आयएमईआय खोक्यावर छापलेला असतो. वेगळं असणं आणि गुप्त असणं या दोन निराळ्या गोष्टी आहेत.

दुसरा, रँडम आकडा. ईएसपी३२ मधला हार्डवेअर रँडम जनरेटर वायफाय किंवा ब्लूटूथचा रेडिओ चालू असतानाच खरा रँडम मानता येतो. आपल्या पॅनेलला नेट मोडेममधून येतं, त्यामुळे रेडिओ बंद ठेवायचा मोह होतो. किल्ली बनवण्यापुरता तो चालू करा, किंवा आयडीएफमध्ये (ईएसपी३२ चा कोड लिहायच्या कंपनीच्या साधनात) रेडिओशिवाय रँडमचा स्रोत चालू करण्याची सोय आहे ती वापरा. ‘मिलिस’ने, म्हणजे चालू झाल्यापासूनच्या मिलिसेकंदांनी बी पेरलेला रँडम तर मुळीच नको, पॅनेल चालू झाल्यावर तो आकडा दरवेळी जवळजवळ तोच असतो.

तिसरा खड्डा मोडेमचा. मोडेमच्या स्वतःच्या एटी कमांडांनी टीएलएस (वाटेतला डेटा कुलूपबंद करून समोरच्याची ओळख तपासायची पद्धत) करणं सोपं असतं, पण मग किल्ली मोडेमच्या मेमरीत जाऊन बसते. ईएसपी३२ ला कितीही कुलपं लावा, किल्ली शेजारच्या चिपमध्ये उघडी. वर त्या मोडेमांत सर्व्हर तपासायचा की नाही हा पर्याय सुरुवातीला शून्यावर, म्हणजे ‘तपासू नको’वर असतो. मोडेमकडून फक्त पीपीपी जोडणी, म्हणजे नुसतं इंटरनेट घ्या आणि टीएलएस ईएसपी३२ मध्ये करा. आयडीएफचा ‘ईएसपी मोडेम’ हा भाग त्यासाठीच आहे.

हातात जास्त पैसे असतील तर एटीईसीसी६०८ सारखी वेगळी सिक्युअर चिप लावा, किल्ली तिच्याच पोटात जन्मते आणि बाहेर येतच नाही. विहिरीवरच्या पॅनेलला ती लागेलच असं नाही.

४. ब्रोकरची बांधणी

ब्रोकर एमक्यूटीटी ही संदेशांची भाषा बोलतो. तिचं उघडं दार, म्हणजे पोर्ट, १८८३ नंबरचं, टीएलएसचं ८८८३. गंमत अशी की १८८३ हेच साल आहे ज्या वर्षी केरखॉफ्स या भाषातज्ज्ञाने लिहिलं, की पद्धत शत्रूच्या हाती पडली तरी चालली पाहिजे, गुप्त फक्त किल्ली असावी. तुमचा कोड, टॉपिकांची (संदेशांच्या पत्त्यांची) नावं, सर्किट सगळं फुटणार आहे असं धरूनच बांधा. १८८३ चं दार फायरवॉलमध्ये बंद करा, बाहेर फक्त टीएलएसची दारं दिसू द्या.

मॉस्किटो २.० पासून अनोळखी माणसाला बाहेरून आत घेत नाही. जुने व्हिडिओ बघून लोक ‘अलाऊ अनॉनिमस ट्रू’ ही ओळ घालतात, कारण ती घातली की ‘चालतं’. ती ओळ तुमच्या फाइलमध्ये दिसली तर आधी काढा. ८८८३ च्या लिसनरखाली (ब्रोकरच्या फाइलमधली त्या दाराची नोंद) रूट सर्टिफिकेट, सर्व्हरचं सर्टिफिकेट आणि सर्व्हरची किल्ली द्या, ‘रिक्वायर सर्टिफिकेट’ चालू करा आणि ‘यूज आयडेंटिटी ॲज युजरनेम’ही चालू करा. मग कॉमन नेम हेच युजरनेम होतं आणि विहीर-०७ ला स्वतःला विहीर-०८ म्हणवून घेता येत नाही. शेतकऱ्यांच्या फोनसाठी दुसरा लिसनर ठेवा: तोही टीएलएसवर, पण सर्टिफिकेटऐवजी प्रत्येकाच्या पासवर्डवर.

आता परवानग्या. पॅनेलांसाठी एसीएल फाइलमध्ये दोन पॅटर्न पुरतात: पॅनेलने आपल्याच नावाखालच्या ‘हुकूम’ टॉपिकवर फक्त वाचायचं, आपल्याच नावाखालच्या ‘स्थिती’ टॉपिकवर फक्त लिहायचं. नावाच्या जागी पर्सेंट-यू लिहिलं की मॉस्किटो तिथे युजरनेम भरतो. हॅश हे वाइल्डकार्ड कोणाच्याच वाट्याला देऊ नका.

परवानगी नसलेल्या टॉपिकला सबस्क्राइब केलं तर मॉस्किटो ‘हो’ म्हणतो आणि फक्त मेसेज पोचवत नाही. परवानगी नसताना पब्लिश केलं तर जुन्या ३.१.१ प्रोटोकॉलमध्ये मेसेज गुपचूप टाकून दिला जातो. त्यामुळे एरर आला नाही म्हणजे परवानगी मिळाली असं नाही, आणि एसीएल बिघडली असंही नाही. दोन टर्मिनल उघडून खरा मेसेज पाठवून बघायचा.

५. पॅनेलने सर्व्हर तपासलाच पाहिजे

आर्डुइनोच्या सुरक्षित क्लायंटमध्ये ‘सेट इन्सिक्युअर’ नावाचं फंक्शन आहे. पहिल्या रात्री जोडणी होत नाही, कोणीतरी ही ओळ सुचवतं, जोडणी होते आणि ओळ तशीच राहते. डेटा कुलूपबंद जातो खरा, पण कोणाकडे जातोय हे पॅनेल बघत नाही. ती ओळ काढा आणि तुमच्या रूटचं सर्टिफिकेट कोडमध्ये घाला.

मग एरर येतील. सिरियल मॉनिटरवर दिसणारे आकडे असे वाचा:

- २७०० म्हणजे सर्टिफिकेट पटलं नाही. रूट चुकीची, डोमेन जुळत नाही किंवा तारीख.
- ७एफ०० म्हणजे मेमरी पुरली नाही. टीएलएसला येणाऱ्या डेटासाठीच १६ केबीचा सलग तुकडा लागतो. एकूण रिकामी मेमरी भरपूर दिसली तरी ती तुकड्या-तुकड्यांत असेल तर उपयोग नाही. जोडणी एकदा करून टिकवा, दर मिनिटाला तोडून जोडू नका.
- ७२०० म्हणजे समोरून टीएलएस नसलेलं काहीतरी आलं. पोर्ट बरोबर आहे ना ते बघा.
- ७७८० म्हणजे समोरच्यानेच नकार दिला. अशा वेळी पॅनेलकडे बघत बसू नका, ब्रोकरचा लॉग उघडा. पॅनेलच्या सर्टिफिकेटची मुदत किंवा सही तिथे खटकलेली असते.

तारखेचं प्रकरण थोडं खोलात बघावं लागेल. आयडीएफमध्ये सर्टिफिकेटची मुदत तपासणं मुळात बंदच असतं. मेन्यूकॉन्फिगमध्ये (आयडीएफच्या सेटिंगमध्ये) एमबेडटीएलएस या टीएलएसच्या भागाखाली ते चालू करावं लागतं. चालू केलं आणि घड्याळाची सोय केली नाही, तर काय होतं बघा. डीपीचा फ्यूज गेला, दोन तासांनी लाइट आली, पॅनेल जागं झालं. त्याच्या लेखी आज १ जानेवारी १९७० आहे आणि भारतीय वेळेने पहाटेचे साडेपाच वाजलेत. सर्व्हरचं सर्टिफिकेट अजून पन्नास-पंचावन्न वर्षं लागूच होणार नाही. २७०० चा एरर, पुन्हा प्रयत्न, पुन्हा २७००. वर्कशॉपमध्ये हे कधी दिसत नाही, कारण तिथे पॅनेल वायफायवर असतं आणि इंटरनेटवरून वेळ आधी घेतं.

म्हणून डीएस३२३१. बाजारात मिळणारं निळं मॉड्यूल ५ व्होल्टवर चालवलं तर त्यावरचा डायोड आणि रेझिस्टर सेलला चार्ज करायला बघतात. सीआर२०३२ हा चार्ज होणारा सेल नाही, तो फुगतो. मॉड्यूल ३.३ व्होल्टवर चालवा आणि तो रेझिस्टरही काढून टाका.

मोडेमकडून वेळ घेत असाल तर तो स्थानिक वेळ देतो आणि शेवटी +२२ असा आकडा लावतो. हा पाव तासांचा हिशेब आहे: २२ पाव म्हणजे साडेपाच तास. ते वजा केल्याशिवाय घड्याळात भरलं तर पॅनेल साडेपाच तास पुढे धावतं आणि पुढच्या पायरीतले सगळे हुकूम ‘शिळे’ म्हणून फेकून देतं. इंटरनेटवरून येणाऱ्या साध्या वेळेवर कोणाची सही नसते, तेव्हा एक नियम कोडमध्ये घाला: फर्मवेअर बांधल्याच्या तारखेच्या आधीची वेळ कोणीही दिली तरी घ्यायची नाही.

६. शिळा हुकूम ओळखा

टीएलएस लावलं की वाटेत कोणी हुकूम रेकॉर्ड करून पुन्हा वाजवू शकत नाही, हे खरं. पण शिळा हुकूम वाटेतूनच येतो असं नाही, तो ब्रोकरमध्येही पडून असतो. ॲपमध्ये ‘रिटेन’ हा पर्याय चालू राहिला, तर काल संध्याकाळचा ‘चालू’ ब्रोकर जपून ठेवतो आणि आज सकाळी लाइट येऊन पॅनेल जोडलं गेलं की त्याच्या हातात देतो. कोणी बटण दाबलेलं नाही, मोटार सुरू. क्यूओएस १ मध्ये (मेसेज किमान एकदा पोचवायचाच, या पर्यायात) तोच मेसेज दोनदाही येऊ शकतो. इथे हॅकर कोणीच नाही, तरी परिणाम तोच.

उपाय हुकुमाच्या आतच आहे. प्रत्येक हुकुमात पाच गोष्टी हव्यात: पॅनेलचं नाव, काय करायचं, चढता अनुक्रमांक, मुदत (पाठवल्यापासून ३० सेकंद पुरतात) आणि या चारही गोष्टींवरचा एचमॅक-शा२५६ शिक्का, जो गुप्त किल्ली असल्याशिवाय बनवता येत नाही. शिक्क्यासाठी प्रत्येक पॅनेलची ३२ बाइटची वेगळी किल्ली. ही किल्ली ब्रोकरकडे नसते, शेतकऱ्याच्या फोनमध्ये आणि पॅनेलमध्येच असते. त्यामुळे उद्या तुमचा सर्व्हरच कोणाच्या हातात गेला तरी त्याला मोटार सुरू करता येणार नाही.

शिक्का मारताना चार गोष्टी नुसत्या एकापुढे एक चिकटवू नका. नाव ‘विहीर१’ आणि अनुक्रमांक ‘११२’ चिकटवलं तर ‘विहीर१११२’ होतं. नाव ‘विहीर११’ आणि अनुक्रमांक ‘१२’ चिकटवलं तरी ‘विहीर१११२’च. प्रत्येक रकान्याची लांबी ठरलेली ठेवा किंवा मध्ये असं चिन्ह घाला जे नावात कधीच येणार नाही. शिक्का जुळवताना साधं ‘मेमकंप’ नको, ते पहिल्या चुकीच्या बाइटला थांबतं आणि लागलेल्या वेळेवरून अंदाज बांधता येतो. एमबेडटीएलएसमध्ये यासाठी ठरावीक वेळ घेणारं फंक्शन आहे.

पॅनेलमध्ये क्रम असा: शिक्का तपास, मुदत तपास, अनुक्रमांक मागच्यापेक्षा मोठा आहे का बघ, नवा अनुक्रमांक फ्लॅशमध्ये लिही, आणि मगच रिले ओढ. शेवटच्या दोन गोष्टी उलट्या केल्या तर मोटार सुरू होताना व्होल्टेज पडून पॅनेल रिसेट होतं, अनुक्रमांक लिहायचा राहून जातो आणि तोच हुकूम पुन्हा लागू पडतो. मोटारीच्या पहिल्या झटक्याला व्होल्टेज पडणं आपल्याकडे नवीन नाही.

रेंज नसेल तेव्हा एसएमएसने चालवायची सोय शेतकरी मागतातच. एसएमएस कोणत्या नंबरवरून आला यावर भिस्त ठेवू नका. नंबर खोटा दाखवता येतो आणि एसएमएस दोन तास उशिराही पोचतो. एसएमएसने फक्त ‘बंद’ होऊ द्या. चुकून बंद झाली तर एका पाळीचं पाणी जाईल, तेवढं परवडतं. आणि ४३३ मेगाहर्ट्झचा स्वस्त रिमोट, ज्यात दरवेळी तोच कोड हवेत जातो, तो या पॅनेलला जोडूच नका.

७. चिपला कुलूप

पॅनेल बांधावर उभं असतं. रात्रीत कोणी उचलून नेलं तर यूएसबी केबलने दहा मिनिटांत फ्लॅशची पूर्ण कॉपी निघते: किल्ली, सर्टिफिकेट, एपीएन (सिमच्या इंटरनेट जोडणीचं नाव) सगळं. यासाठी दोन कुलपं आहेत. फ्लॅश एन्क्रिप्शनमुळे कॉपी निघाली तरी वाचता येत नाही, आणि सिक्युअर बूटमुळे तुमच्या सहीशिवायचं फर्मवेअर चालत नाही.

दोन्ही कुलपं ई-फ्यूजवर, म्हणजे चिपमधल्या एकदाच लिहिता येणाऱ्या बिटांवर चालतात. ई-फ्यूज एकदा जळला की जळला, परत फिरण्याची वाट नाही. म्हणून:

- आधी दोन फुकट घालवायच्या बोर्डांवर पूर्ण प्रक्रिया करा, ‘डेव्हलपमेंट’ मोडमध्ये. शेतकऱ्याला द्यायच्या पॅनेलवर मात्र ‘रिलीज’ मोडच.
- फ्लॅश एन्क्रिप्शन चालू केल्यावर पहिल्यांदा बोर्ड सुरू होतो तेव्हा तो आपली सगळी फ्लॅश स्वतःच कुलूपबंद करतो. याला मिनिटभर लागू शकतं. त्या मिनिटात वीज गेली तर बोर्ड कायमचा निकामी होऊ शकतो. हे काम यूपीएसवर किंवा पॉवर बँकवर करा, भरवशाच्या केबलने.
- एस३ मध्ये सिक्युअर बूटच्या तीन किल्ल्यांची जागा असते. तिन्हीचे ठसे पहिल्या दिवशीच कोरून ठेवा, एक वापरा, दोन बंद पाकिटात ठेवा. एक फुटली तर ती बाद करून दुसरीवर जाता येतं. साध्या ईएसपी३२ मध्ये एकच जागा आहे.
- अनुक्रमांक आणि एचमॅकची किल्ली एनव्हीएसमध्ये (फ्लॅशमधल्या नोंदींच्या कप्प्यात) असते. फ्लॅश एन्क्रिप्शन थेट एनव्हीएसला कुलूपबंद करत नाही, त्याचं एन्क्रिप्शन वेगळं असतं. ते चालू आहे ना ते बघा.

सहीची किल्ली हरवली तर एकाही पॅनेलला पुन्हा अपडेट देता येणार नाही. तीही रूटसोबत त्या दोन पेनड्राइव्हवर ठेवा.

८. अपडेट

फ्लॅशमध्ये दोन कप्पे ठेवा, नवं फर्मवेअर रिकाम्या कप्प्यात उतरू द्या. सुरू झाल्यावर नव्याने ब्रोकरशी जोडून दाखवलं तरच ‘ठीक आहे’ अशी खूण करायची, नाहीतर पॅनेल आपोआप जुन्यावर जाईल. मोटार चालू असताना अपडेट घेऊ नका. जुनी, भोक असलेली आवृत्ती परत कोणी घालू नये म्हणून अँटी-रोलबॅक आहे, पण एस३ मध्ये तो आकडा १६ वेळाच वाढवता येतो. प्रत्येक किरकोळ बदलाला वाढवू नका, सुरक्षेतली चूक दुरुस्त केली तरच वाढवा.

९. हवाली करताना आणि नंतर

पॅनेलच्या दारावर आतून क्यूआर चिकटवा. त्यात एचमॅकची किल्ली नको, फक्त पॅनेलचं नाव. फोन जोडायचा तर पॅनेलमधलं बटण पाच सेकंद दाबून धरल्यावरच जोडला जाईल असं करा, म्हणजे दारापाशी उभा असलेला माणूसच नवीन फोन जोडू शकतो. फोन हरवला, वाटणीत विहीर भावाकडे गेली, पॅनेल जुन्या बाजारात विकलं, या तिन्हीला उपाय एकच: तेच बटण वीस सेकंद दाबलं की जुने सगळे फोन बाद आणि एचमॅकची नवी किल्ली. बटणावर मराठीत लिहा, नाहीतर वायरमन ते रिसेट समजून दर महिन्याला दाबेल.

चोरीला गेलेल्या पॅनेलचं सर्टिफिकेट बाद यादीत, म्हणजे सीआरएलमध्ये टाका, ती यादी मॉस्किटोला द्या आणि ब्रोकर पुन्हा सुरू करा. त्या यादीलाही स्वतःची मुदत असते आणि ओपनएसएसएलच्या नमुना फाइलमध्ये ती ३० दिवसांची आहे. एकतिसाव्या दिवशी ब्रोकर पुन्हा सुरू झाला की यादी शिळी म्हणून तो सगळ्यांनाच बाहेर काढतो, आणि फोन वाजायला लागतात ते नेमके ऐन फवारणीच्या दिवसांत. मुदत वर्षाची करा आणि नवी यादी दर सहा महिन्यांनी काढा: खरड छाटणीला एकदा आणि ऑक्टोबर छाटणीला एकदा, म्हणजे तारीख लक्षात राहते.

१०. गाडीत पॅनेल ठेवण्याआधीच्या चाचण्या

१. दुसरीच रूट बनवून तिच्या सहीचं सर्टिफिकेट ब्रोकरला दाखवा. आत घेतलं तर पायरी ४ कडे परत.

२. तुमच्या डोमेन नावावर पण भलत्याच रूटचा सर्व्हर उभा करून पॅनेल त्याच्याकडे वळवा. जोडलं गेलं तर ‘सेट इन्सिक्युअर’ कुठेतरी राहिलंय.

३. विहीर-०७ च्या सर्टिफिकेटने विहीर-०८ चा हुकूम ऐका, आणि दुसऱ्या टर्मिनलवरून खरा हुकूम पाठवा. काही ऐकू येता कामा नये.

४. चाललेला हुकूम जसाच्या तसा दहा सेकंदांत पुन्हा पाठवा, मग नवा हुकूम बनवून दोन मिनिटांनी पाठवा. दोन्ही नाकारले पाहिजेत, आणि नाकारण्याची कारणं लॉगमध्ये वेगवेगळी दिसली पाहिजेत.

५. ‘चालू’ हुकूम रिटेन लावून पाठवा, पॅनेलचा प्लग काढा, मिनिटभराने लावा. रिलेचा ‘टक्’ आवाज आला तर पॅनेल देऊ नका.

६. घड्याळाचा सेल काढून, मोडेमची अँटेना काढून पॅनेल सुरू करा. ते गप्प राहिलं पाहिजे, आणि सिलेक्टर ‘लोकल’वर केला की हिरव्या बटणाने मोटार नेहमीसारखी सुरू झाली पाहिजे.

७. रिलीज मोडच्या बोर्डवरून फ्लॅश वाचायचा प्रयत्न करा. वाचून काही मिळालंच तर त्यात ‘बिगिन’ हा शब्द (किल्लीची आणि सर्टिफिकेटची फाइल त्याने सुरू होते) आणि तुमच्या एपीएनचं नाव शोधा. सापडलं तर तो बोर्ड वर्कशॉपमध्येच ठेवा, तपासणीसाठी तरी कामाला येईल.